जुन्या प्राच्यविद्या नियतकालिकांची पुनर्मुद्रणं

संस्कृत, प्राकृत, पाली, तसंच ग्रीक-लॅटिन अशा अभिजात भाषांवर आणि त्यांच्या वाङ्मयावर एकोणिसाव्या शतकात नि विसाव्याच्या पहिल्या अर्ध्यात संशोधनाची जी मासिकं-त्रैमासिकं निघायची, त्यांचे जुने अंक मिळेनासे झाल्यावर कुणा प्रकाशकाने ते जसेच्या तसे परत छापून खंडांच्या रूपात विकायला काढणं, याला पुनर्मुद्रण म्हणतात. बोलताना मात्र सगळे रिप्रिंटच म्हणतात. बडोद्यात प्राच्यविद्येचा अभ्यास करणारा माणूस आयुष्यभर जी 'इंडियन अँटिक्वरी' वाचतो ती बहुतेक वेळा मूळची नसतेच, हिरव्या नाहीतर लाल रेग्झिनच्या बाइंडिंगमधली दिल्लीत छापलेली रिप्रिंट असते, आणि ती हातात धरताना एक गोष्ट कायम लक्षात ठेवावी लागते की यात पानं मूळची आहेत पण सगळं मूळचं नाही.

रिप्रिंट आणि दुसरी आवृत्ती या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि लोक त्या सर्रास एक करतात. रिप्रिंटमध्ये जुन्या पानाचा फोटो घेऊन, त्याची प्लेट करून ऑफसेटवर छापतात, म्हणजे छपाईचे खिळे (टाइप) परत जुळवायचे नाहीत, जुन्या चुकासुद्धा जशाच्या तशा आणि पानांचे आकडे तेच. हे पानांचे आकडे म्हणजे या सगळ्या धंद्याचा प्राण आहे, कारण अभ्यासक संदर्भ देतो तो खंड आणि पान असा, आणि शंभर वर्षांपूर्वी कुणीतरी 'खंड १२, पान १५६' असं लिहून ठेवलंय तर आजच्या माणसाला त्याच पानावर जाता आलं पाहिजे. दुसऱ्या आवृत्तीत मजकूर नव्याने जुळवतात, सुधारतात, मग पानं सरकतात. याचं घरचंच उदाहरण म्हणजे बडोद्याच्या गायकवाड ओरिएंटल सीरिज या ग्रंथमालेतलं अभिनवगुप्ताच्या टीकेसकटचं नाट्यशास्त्र. पहिला भाग १९२६ ला रामकृष्ण कवींनी संपादून काढला, त्याच भागाची सुधारलेली दुसरी आवृत्ती १९५६ ला आली आणि चौथा, शेवटचा भाग १९६४ ला. आता एखाद्याने नुसतं 'नाट्यशास्त्र, बडोदा, भाग १, पान अमुक' असं लिहिलं तर कुठली आवृत्ती ते विचारावंच लागतं, नाहीतर तासभर पानं उलटत बसायचं.

मुळात ही नियतकालिकं होती तरी कुठली? भारतातली सुरुवात कलकत्त्याच्या एशियाटिक सोसायटीच्या 'एशियाटिक रिसर्चेस'पासून, १७८८ ला. मुंबईत रॉयल एशियाटिक सोसायटीच्या शाखेचं जर्नल १८४१ ला सुरू झालं, आणि १८७२ ला जेम्स बर्जेस यांनी मुंबईतच 'इंडियन अँटिक्वरी' काढली, भायखळ्याच्या एज्युकेशन सोसायटीच्या छापखान्यात छापली जायची. तिचे १९३३ पर्यंत ६२ खंड निघाले. शिलालेख-ताम्रपटांसाठी 'एपिग्राफिया इंडिका' १८९२ चं, आणि पुण्याच्या भांडारकर संस्थेचे 'अ‍ॅनल्स' १९१९ चे. युरोपात ग्रीक-लॅटिनवाल्यांचं 'राइनिशेस म्यूझियम' १८२७ चं, 'हेर्मेस' १८६६ चं, इंग्रजांचा 'क्लासिकल रिव्ह्यू' १८८७ चा. जर्मनीत आल्ब्रेख्त वेबर यांनी १८४९ ला 'इंडिशे श्टुडिएन' सुरू केलं. त्याचीही रिप्रिंट जर्मनीत निघाली. आपल्याकडे ग्रीक-लॅटिनच्या रिप्रिंट क्वचितच दिसतात, त्यामुळे पुढे मी इंडॉलॉजीबद्दलच, म्हणजे भारतविद्येबद्दलच, जास्त लिहिलंय.

काही नियतकालिकं म्हणजे खरं तर हप्त्याहप्त्याने येणारे ग्रंथच होते. बनारसच्या सरकारी कॉलेजचं 'पंडित' १८६६ पासून, आणि मुंबईच्या निर्णयसागर छापखान्याची 'काव्यमाला' १८८६ पासून, जी मासिक म्हणून निघायची. म्हणजे वर्गणीदाराला एखादं काव्य तुकड्या-तुकड्यांनी यायचं, या महिन्यात दोन सर्ग, पुढच्यात तीन, शेजारी भलतंच एखादं स्तोत्र. पंडित दुर्गाप्रसाद आणि काशिनाथ पांडुरंग परब यांनी त्यात लहान लहान काव्यं गोळा करून जे गुच्छक काढले ते १४ आहेत, आणि त्यातली कितीतरी काव्यं आज आपण वाचतो ती त्यांच्यामुळे, आणि नंतर बनारसच्या प्रकाशकांनी ते गुच्छक परत छापले त्यामुळे. आजीच्या काळात घरी निर्णयसागरचं पुस्तक असणं म्हणजे शुद्ध पाठाची खात्री असं समजायचे, आणि ती खात्री फोटो काढून छापल्यावरही टिकते ही रिप्रिंटची मोठी मेहरबानी.

रिप्रिंटचा धंदा फुगला तो दुसऱ्या महायुद्धानंतर, आणि याची कारणं अभ्यासाच्या बाहेरची आहेत. डिसेंबर १९४३ मध्ये लाइपझिगवर बॉम्ब पडले आणि जर्मन प्रकाशकांचे पुस्तकांचे प्रचंड साठे एका रात्रीत जळाले, त्यात शास्त्रीय नियतकालिकांचे जुने अंकही गेले. युद्ध संपल्यावर अमेरिकेत नवनवीन विद्यापीठं निघाली, त्यांच्या लायब्ररींना पहिल्या खंडापासूनचे सेट हवे होते, पैसेही होते, आणि मूळ अंक बाजारात नव्हते. मग न्यूयॉर्कच्या जॉन्सन आणि क्राउस या रिप्रिंट कंपन्या आणि जर्मनीतली ओल्म्स यांनी सेटच्या सेट छापून विकले. भारताच्या बाबतीत अजून एक मजेशीर धागा आहे, तो म्हणजे पीएल-४८० या अमेरिकन कायद्याखाली आलेला गहू. तो अमेरिकन गहू आपण रुपयांत घेतला, ते रुपये अमेरिकेला भारतातच खर्च करायचे होते, त्यातले काही १९६२ पासून दिल्लीतल्या लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या ऑफिसतर्फे भारतीय पुस्तकं खरेदी करून अमेरिकन विद्यापीठांना पाठवण्यात गेले. म्हणजे रेशनच्या रांगेत लोक ज्या गव्हाला नाकं मुरडत होते त्याच्याच पैशातून संस्कृत ग्रंथांच्या प्रती तिकडच्या कपाटांत जाऊन बसल्या. ठरलेलं गिऱ्हाईक मिळाल्यावर प्रकाशक जुनं छापायला का नाही धजावणार?

इथे मोतीलाल बनारसीदास हे नाव घ्यावंच लागतं. १९०३ ला लाहोरात सुरू झालेलं दुकान, फाळणीनंतर पाटणा-बनारस करत दिल्लीत स्थिरावलं. दिल्लीत मुन्शीराम मनोहरलाल आणि एशियन एज्युकेशनल सर्व्हिसेस, बनारसला चौखंबा, हे सगळे रिप्रिंटवर बऱ्यापैकी जगले. 'एशियाटिक रिसर्चेस' आणि 'इंडियन अँटिक्वरी' दोन्हीचे सेट दिल्लीहूनच परत निघाले, आणि 'एपिग्राफिया'चे जुने खंड पुरातत्त्व खात्याने स्वतःही परत छापले. कायद्याचं म्हणाल तर भारतात लेखक गेल्यावर ६० वर्षांनी हक्क संपतो, त्यामुळे १८७२ च्या लेखाला कुणाची परवानगी लागत नाही, फक्त रिप्रिंटला कुणी नवी प्रस्तावना जोडली असेल तर ती प्रस्तावना मात्र त्याची.

बडोद्याशी या सगळ्याचं नातं जुनं आहे. सयाजीराव महाराजांनी १९१० ला बॉर्डन नावाचा अमेरिकन ग्रंथपाल आणून सेंट्रल लायब्ररी उभी केली, मांडवीजवळची ती लोखंडी रॅकची नि काचेच्या जमिनीची इमारत ज्याने आतून पाहिलीय तो विसरत नाही. तिच्याच संस्कृत विभागातून पुढे १९२७ ला प्राच्यविद्या मंदिर म्हणजे ओरिएंटल इन्स्टिट्यूट झालं. गायकवाड सीरिज त्याच्या आधीच सुरू झाली होती, पहिला ग्रंथ राजशेखराची काव्यमीमांसा, १९१६, संपादक चिमणलाल दलाल आणि अनंतकृष्ण शास्त्री. दलाल १९१८ लाच गेले, नाहीतर पाटणच्या जैन हस्तलिखित-भांडारांतून त्यांनी अजून काय काय बाहेर काढलं असतं कोण जाणे. संस्थेचं स्वतःचं त्रैमासिक जर्नल सप्टेंबर १९५१ ला निघालं. याचं वर्ष सप्टेंबर ते जून असं चालतं म्हणून एका खंडावर दोन इसवी सनं येतात आणि नवखे विद्यार्थी हमखास त्यातलं चुकीचं वर्ष लिहितात. रामायणाची चिकित्सक आवृत्ती इथून १९६० ते १९७५ मध्ये सात खंडांत आली.

आणि शहराचं नावसुद्धा एका जुन्या नियतकालिकात सापडतं. राष्ट्रकूट कर्काचा शके ७३४ म्हणजे इ.स. ८१२ चा ताम्रपट, ज्यात वडपद्रक, म्हणजे आजचं बडोदं, हे गाव दान दिल्याचा उल्लेख आहे, तो शिलालेखांचे अभ्यासक फ्लीट यांनी 'इंडियन अँटिक्वरी'च्या १२ व्या खंडात, १८८३ ला वाचून छापला. दांडिया बाजारातल्या आमच्या एका शेजाऱ्यांनी पस्तीवाल्याकडून वजनावर हा रिप्रिंट खंड घेतला होता, पस्ती म्हणजे तुमच्या पुण्या-मुंबईची रद्दी. तो त्यांनी मला बघायला दिला तेव्हा मी आधी आपलं गाव कुठे येतं ते शोधलं, अर्थात मजकूर नीट वाचता येत होता, पण त्या खंडातले ताम्रपटांचे जे ठसे होते ते छापताना इतके काळे झाले होते की अक्षर आणि गंज यातला फरकच कळेना. फ्लीट आणि त्यांच्या पिढीने हे ठसे लंडनहून ग्रिग्ज या छपाईवाल्याकडून मुद्दाम फोटो-लिथोने छापून आणवले होते, कारण पुढच्या माणसाला त्यांचं वाचन तपासता यावं, आणि रिप्रिंटमध्ये नेमकं तेच तपासणं बंद होतं. मजकूर येतो, पुरावा राहतो मागे. त्यासाठी मूळ खंडाकडेच जावं लागतं, दुसरा इलाज नाही.

अजून काय काय गळतं ते सांगतो. लायब्ररी वर्षाचे सुटे अंक एकत्र बांधायला देते तेव्हा बाइंडर मुखपृष्ठं आणि जाहिरातीची पानं काढून टाकतो, आणि रिप्रिंटवाला फोटो घेतो तो अशाच बांधलेल्या खंडाचा. त्यामुळे अंकाची किंमत, वर्गणीचे दर, 'आमच्याकडे हस्तलिखितं विकत घेतली जातील' छापाच्या जाहिराती, पुढच्या अंकाची सूचना सगळं नाहीसं. 'इंडियन अँटिक्वरी'ने एक शहाणपणा केला होता, पानाच्या डोक्यावरच महिना नि वर्ष छापायचे, म्हणून सुटं पान मिळालं तरी तारीख कळते, बाकीच्यांचं तसं नाही. उलगडून बघायचे मोठे नकाशे रिप्रिंटमध्ये कधी लहान करून एका पानावर कोंबलेले असतात, मग नकाशावरची मोजपट्टी खोटी ठरते.

आणि नियतकालिक परत छापलं म्हणजे वाद परत छापला असंही नाही. वेबर यांनी वाल्मीकीने कथा होमरकडून उचलली असावी असा जो तर्क लढवला त्याचं इंग्रजी भाषांतर 'अँटिक्वरी'च्या पहिल्याच खंडात, १८७२ ला, हप्त्यांनी आलं. काशिनाथ त्रिंबक तेलंगांनी त्याला जे सविस्तर, सणसणीत उत्तर दिलं ते १८७३ ला वेगळी पुस्तिका म्हणून निघालं. आता सेटची रिप्रिंट घेणाऱ्याच्या घरी वेबर आपोआप येतात, तेलंगांना शोधायला वेगळं जावं लागतं. त्याच पहिल्या खंडात रामकृष्ण गोपाळ भांडारकरांचा पतंजलीच्या काळावरचा लेख आहे. शुंग राजा पुष्यमित्राच्या यज्ञाचं, पतंजलीच्या महाभाष्य या व्याकरणग्रंथातलं वाक्य घेऊन पतंजली इ.स.पू. दुसऱ्या शतकातला असं त्यांनी ठरवलं, आणि तो लेख कुठल्या कुठल्या संदर्भातून नुसता ऐकून असलेल्या माणसाने मुळातून वाचावा, चार पानांत गोष्ट संपते.

यावर जर्मन लोकांनी वेगळा तोडगा काढला. नियतकालिक परत छापण्याऐवजी एका विद्वानाचे ठिकठिकाणी विखुरलेले लेख फोटोने गोळा करून एक जाड पुस्तक करायचं. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात बरीच वर्षं शिकवलेले जर्मन संस्कृतज्ञ कीलहॉर्न यांचे असे लेख १९६९ ला निघाले, त्यात 'अँटिक्वरी'तल्या महाभाष्यावरच्या टिपांसारखं बरंच काही एका ठिकाणी वाचायला मिळतं. व्याकरण शिकणाऱ्याला हे फार सोयीचं, फक्त शेजारचा भलता लेख अचानक नजरेला पडण्याची गंमत त्यात नाही.

आता स्कॅनचा जमाना आहे. इंटरनेट आर्काइव्हवर बहुतेक जुने खंड फुकट मिळतात, आणि जेस्टोर या नियतकालिकांच्या ऑनलाइन संग्रहाने २०११ ला अमेरिकेतले १९२३ च्या आधीचे आणि बाहेरचे १८७० च्या आधीचे लेख सगळ्यांना खुले केले. याच स्कॅनवरून मागणीनुसार एक-एक प्रत छापून विकणारेही झालेत. त्यात कव्हरवर ताजमहाल, आत ताम्रपट, मध्येच स्कॅन करणाऱ्याच्या अंगठ्याचा फोटो, दोन पानं गायब असं असतं, आणि विकत घेण्याआधी फुकटचा स्कॅन उघडून पानं मोजलेली बरी. शोधताना अजून एक लोचा होतो. लिप्यंतराचे, म्हणजे संस्कृत शब्द रोमन लिपीत लिहिण्याचे, नियम १८९४ च्या जिनिव्हाच्या परिषदेपर्यंत ज्याचे त्याचे होते, 'अँटिक्वरी'त दीर्घ स्वरावर टोपी असते, ती कॉम्प्युटरला धड वाचता येत नाही, त्यामुळे सर्चमध्ये नाव आलं नाही म्हणून ते खंडात नाहीच असं धरू नये, शेवटची सूची डोळ्याने बघावी.

संदर्भ देताना मूळ वर्ष आधी लिहायचं आणि रिप्रिंटचं नंतर. भांडारकरांचा लेख १८७२ चा, तुमच्या हातातली प्रत १९८० नंतरची असली तरीही. नाहीतर भांडारकर, जे १९२५ ला गेले, ते मेल्यावर साठ वर्षांनी लेख लिहीत होते असं दिसतं, आणि असे संदर्भ प्रबंधांत मी स्वतः पाहिलेत.