दातांनी राखलेली नोंद

१९९१ साली न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर एका सरकारी इमारतीचा पाया खणताना वीस-पंचवीस फुटांच्या भरावाखाली माणसांची हाडं लागली. ही आफ्रिकी लोकांची दफनभूमी. जुन्या नकाशांत ती दाखवलेली होती, पण शहर तिच्यावरच चढत गेलं होतं. अमेरिकेतली गुलामगिरी म्हटलं की दक्षिणेतले कापसाचे मळे आठवतात. न्यूयॉर्कमध्ये मात्र १७०३ साली दर पाचांतल्या दोन घरांत गुलाम होते.

४१९ जणांचे अवशेष निघाले. नाव एकाचंही ठाऊक नाही. मग त्यांची हकिगत विचारायची कोणाला? दातांना.

दातावरचं इनॅमल लहानपणी एकदाच घडतं. हाडासारखं ते पुन्हा झिजून भरत नाही. मूल जिथलं खातं-पितं, तिथल्या खडकांतलं स्ट्रॉन्शियम नावाचं मूलद्रव्य त्यात मुरतं. खडकांचं वय आणि जात जागोजागी वेगळी, म्हणून स्ट्रॉन्शियमच्या समस्थानिकांचं, म्हणजे कमी-जास्त वजनाच्या अणूंचं, प्रमाणही वेगळं. त्यावरून माणूस कुठे वाढला याचा अंदाज बांधता येतो. काहींचे पुढचे दात तर घासून आकार दिलेले होते. ही आफ्रिकेतल्या काही समाजांची रीत. अशाच एका स्त्रीच्या कमरेभोवती शंभरावर मणी सापडले.

शिशाने वेगळीच गोष्ट सांगितली. आफ्रिकेत वाढलेल्यांच्या दातांत ते कमी, न्यूयॉर्कमध्ये जन्मलेल्या मुलांच्या दातांत जास्त. हे विष या शहरानेच त्यांच्या अंगात भरलं होतं. पुरलेल्यांपैकी जवळजवळ निम्मी बारा वर्षांखालची मुलं होती, हेही इथेच सांगायला हवं.

मला मात्र पुढचं प्रकरण जास्त बोलकं वाटतं. १७८८ साली इथल्या कृष्णवर्णीयांनी नगरपरिषदेकडे अर्ज केला होता, की वैद्यकीचे विद्यार्थी आमची प्रेतं उकरून नेतात. दोनशे वर्षांनी पुन्हा हाडं तज्ज्ञांच्या हाती गेली, तेव्हा या मृतांच्या वारसांनी रस्त्यावर येऊन विचारलं, आम्हाला कोणी विचारलं का? अभ्यास वॉशिंग्टनच्या हॉवर्ड विद्यापीठातले मानववंशशास्त्रज्ञ मायकेल ब्लेकी यांच्याकडे गेला आणि संशोधनाचे प्रश्नही या समाजाशी बोलून ठरले.

१७३१च्या कायद्याने गुलामाच्या अंत्यविधीला बाराहून जास्त माणसांना मनाई होती. ऑक्टोबर २००३मध्ये घानात कोरलेल्या पेट्यांतून हे मृत पुन्हा त्याच दफनभूमीकडे निघाले, तेव्हा वॉशिंग्टनपासून न्यूयॉर्कपर्यंत शहराशहरांत लोक त्यांना निरोप द्यायला जमले होते.