रेडिओ मिर्ची (इंदूर)

इंदूर शहरातील खासगी व्यापारी एफएम केंद्र. टाइम्स समूहाच्या एंटरटेनमेंट नेटवर्क इंडिया या कंपनीने ४ ऑक्टोबर २००१ रोजी ९८.३ मेगाहर्ट्झवर ते सुरू केले. देशातले पहिले खासगी एफएम केंद्र बेंगळुरूचे. ते त्याच वर्षी ३ जुलैला सुरू झाले होते. पण ‘मिर्ची’ हे नाव हवेत पहिल्यांदा उमटले ते इंदुरात. अहमदाबाद, मुंबई आणि पुणे त्यानंतर आले; दिल्ली, कोलकाता आणि चेन्नईला तर २००३ उजाडले. महानगरांना मागे ठेवून होळकरांच्या जुन्या राजधानीला हा मान मिळाला, याचे अप्रूप इंदूरकरांना आजही वाटते आणि ते रास्तही आहे.

शहराला रेडिओ नवा नव्हता. आकाशवाणीचे इंदूर केंद्र २२ मे १९५५ रोजी सुरू झाले, तेव्हा मध्यभारत हे राज्य अस्तित्वात होते आणि इंदूर ही त्याची उन्हाळी राजधानी होती. ‘मालवा हाउस’ या वास्तूतून ६४८ किलोहर्ट्झवर होणारे हे प्रसारण माळव्यातील खेड्यापाड्यांत ऐकू जाई. शेतकऱ्यांसाठीच्या कार्यक्रमात नंदाजी आणि भेराजी ही दोन पात्रे माळवीत गप्पा मारत. पिकांवरची कीड, बियाणे, खत असे विषय त्या गप्पांतून असे काही उलगडत की शहरातली माणसेही कामे बाजूला ठेवून ऐकत बसत. बोलीतून माणसाला आपलेसे करण्याची ही रीत इंदूरच्या हवेत खासगी केंद्रे येण्याच्या कितीतरी आधीपासून होती. खासगी केंद्राचा इतिहास सांगताना हे विसरून चालणार नाही.

जाहिरातींचा रेडिओही जुनाच. बा. वि. केसकर माहिती व नभोवाणी मंत्री असताना १९५२ पासून आकाशवाणीवरून चित्रपटगीते जवळपास हद्दपार झाली आणि श्रोते रेडिओ सिलोनकडे वळले. त्याला उत्तर म्हणून ३ ऑक्टोबर १९५७ रोजी विविध भारती आली. तिच्यावर जाहिराती सुरू झाल्या त्या १ नोव्हेंबर १९६७ पासून, मुंबई, पुणे आणि नागपूर या तीन मराठी शहरांतून. ध्वनिलहरींवरची मक्तेदारी मात्र सरकारचीच राहिली. ९ फेब्रुवारी १९९५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने बंगाल क्रिकेट संघटनेच्या खटल्यात निकाल दिला, की हवेतील लहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, तिच्यावर सरकारची मक्तेदारी असू शकत नाही. खासगी रेडिओचे दार या निकालाने किलकिले झाले.

१९९९ च्या धोरणानुसार, म्हणजे खासगी एफएमच्या पहिल्या टप्प्यात, ४० शहरांतील १०८ लहरींचा लिलाव पुकारण्यात आला. बोली लावणाऱ्यांनी मोठमोठे आकडे लावले. परवाना दहा वर्षांचा आणि शुल्क दरवर्षी १५ टक्क्यांनी वाढणारे. चक्रवाढीचा हिशेब मांडला तर पाचव्या वर्षाचे शुल्क पहिल्याच्या पावणेदोन पट होते आणि दहाव्या वर्षाचे साडेतीन पट. जाहिरातींचे उत्पन्न या वेगाने वाढणे शक्यच नव्हते. अनेकांनी परवाने घेतलेच नाहीत; शेवटी १२ शहरांत मिळून जेमतेम २१ केंद्रे उभी राहिली. इंदूरच्या वाट्याला त्यांतले हे एकच आले. पुढची काही वर्षे शहरात खासगी रेडिओ म्हणजे मिर्ची, असे समीकरण झाले त्याचे कारण हे.

हे शुल्क असेच राहिले असते तर इंदूरसारख्या शहरातला खासगी रेडिओ टिकला नसता. सरकारने नेमलेल्या अमित मित्रा समितीने २००३ मध्ये ठरावीक शुल्काऐवजी उत्पन्नातला वाटा घेण्याची शिफारस केली आणि जुलै २००५ मध्ये जाहीर झालेल्या दुसऱ्या टप्प्याच्या धोरणात ती उतरली: एकदाच भरायचे प्रवेशशुल्क आणि मग वार्षिक उत्पन्नाच्या ४ टक्के. जुन्या केंद्रांनाही या व्यवस्थेत येता आले. पाठोपाठ शहरात ९४.३, ९२.७ आणि ९३.५ वर प्रतिस्पर्धी केंद्रे आली आणि रिक्षावाल्याला गाणे आवडले नाही तर दुसरीकडे जाण्याची सोय झाली.

या केंद्राचे रूप घडवले ते एफएमच्या भौतिकीने. आकाशवाणी इंदूरची ६४८ किलोहर्ट्झची मध्यम लहर साडेचारशे मीटरपेक्षाही लांब असते. ती जमिनीच्या वळणाबरोबर सरकते, आणि रात्री आयनांबरावरून, म्हणजे वातावरणाच्या वरच्या विद्युतभारित थरावरून, परतून शेकडो किलोमीटर दूर उतरते. ९८.३ मेगाहर्ट्झची लहर जेमतेम तीन मीटरची. ती साधारण नजरेच्या रेषेत जाते, आयनांबराला भेदून निघून जाते, परत येत नाही. मनोऱ्यावरून जेवढा परिसर दिसेल त्याच्या थोडे पलीकडे तिचे राज्य संपते. इंदूरचे केंद्र जवळच्या महूत आणि पीथमपुरात ऐकू येते, मुंबईत नाही. बदल्यात आवाज स्वच्छ मिळतो. स्वयंपाकघरात मिक्सर लावला की जुन्या संचात गाण्यावर करकर चढायची. एफएममध्ये आवाजाची माहिती लहरीच्या उंचीत नसून कंपनसंख्येच्या बदलात असल्याने ही करकर गाळली जाते.

पल्ला आखूड असल्याचा मोठा फायदा झाला: केंद्राला शहराबद्दलच बोलावे लागले. दुसऱ्या टप्प्यापर्यंत मोठ्या शहरांतील केंद्रांना एकाचा कार्यक्रम दुसऱ्यावरून चालवण्याची मुभाही नव्हती. त्यामुळे इंदुरात स्टुडिओ, इंदुरात निवेदक आणि इंदूरचीच भाषा. आकाशवाणीच्या घडीव हिंदीच्या जागी रस्त्यावरची हिंदी आली. राजवाडा, पलासिया, भंवरकुआं ही नावे खुलासा न देता घेता येऊ लागली. रंगपंचमीला राजवाड्याच्या परिसरात गेर, म्हणजे रंग उधळत जाणारी मिरवणूक, निघते, अनंत चतुर्दशीला कापड गिरण्यांच्या झाँकी, म्हणजे चित्ररथ, रात्रभर फिरतात; कुठला रस्ता बंद आहे हे सांगायला त्याच गर्दीतून आलेला माणूस लागतो.

स्टुडिओतले काम बाहेरून वाटते तितके ऐसपैस नसते. गाण्यांचा क्रम निवेदक ठरवत नाही; तो संगणकातल्या प्लेलिस्टमध्ये आधीच लागलेला असतो आणि जाहिरातींच्या जागाही लॉगमध्ये, म्हणजे दिवसाच्या वेळापत्रकात, ठरलेल्या असतात. जाहिरातीचा भाव दहा सेकंदांच्या हिशेबाने निघतो. निवेदकाच्या वाट्याला उरते ती दोन गाण्यांमधली ‘लिंक’. गाण्याचा शेवट ओसरू लागला की तो माइकचा फेडर, म्हणजे आवाज कमीजास्त करणारी सरकपट्टी, वर घेतो, बोलतो, आणि पुढच्या गाण्याचे सुरुवातीचे वाद्यसंगीत संपून गायकाचा पहिला शब्द येण्याच्या आत थांबतो. शब्दावर शब्द चढला तर श्रोत्याला लगेच खटकते. चांगला निवेदक ओळखावा तो या एका वेळेच्या भानावरून.

बातम्या देण्यास खासगी केंद्रांना मनाई आहे. २०११ च्या धोरणाने आकाशवाणीची बातमीपत्रे जशीच्या तशी ऐकवण्याची वाट मोकळी केली आणि वाहतूक, हवामान, परीक्षा व निकाल, सण-समारंभ, वीज आणि पाणी हे विषय बातम्यांच्या व्याख्येतून बाहेर काढले. इंदूरसाठी यातला शेवटचा विषय क्षुल्लक नाही. शहराला १९७८ पासून सुमारे ७० किलोमीटरवरून, जलूदहून उचललेले नर्मदेचे पाणी मिळते. तिथले पंप थांबले की शहरातल्या टाक्या रिकाम्या राहतात. आज नळ येणार नाही हे सकाळी सात वाजता कळणे ही घरच्या माणसाच्या दृष्टीने पहिल्या पानाची बातमी आहे आणि ती द्यायला मनाई नसावी, हे उशिरा का होईना मान्य झाले.

गाण्यांच्या मोबदल्याचा वाद मात्र न्यायालयांत वर्षानुवर्षे रेंगाळला. मिर्चीच्या मालक कंपनीचा एका संगीत कंपनीशी चाललेला खटला २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयात निकाली निघाला आणि सक्तीच्या परवान्याचा, म्हणजे मालक राजी नसला तरी ठरवून दिलेल्या मोबदल्यात गाणी वाजवण्याच्या परवानगीचा, मार्ग स्पष्ट झाला. पुढे २५ ऑगस्ट २०१० रोजी कॉपीराइट मंडळाने तासागणिक रकमेऐवजी जाहिरातींच्या निव्वळ उत्पन्नाच्या २ टक्के असा दर ठरवून दिला. छोट्या शहरांतल्या केंद्रांना श्वास घ्यायला जागा मिळाली ती यामुळे.

इंदूरच्या मराठी घरांच्या वाट्याला एफएमच्या येण्याने झालेल्या बदलाची दुसरी बाजूही आली. होळकरांबरोबर आलेली आणि पुढे नोकरीधंद्यामुळे वाढलेली ही वस्ती घरात मराठी आणि उंबऱ्याबाहेर हिंदी बोलत आली आहे. मिर्चीची भाषा बाजाराची, म्हणजे हिंदी. गाणी मुख्यतः हिंदी चित्रपटांची. मध्यम लहरीच्या काळात रात्र पडली की काटा सावकाश फिरवत नेता येई. दोन हिंदी केंद्रांच्या मधोमध, शिट्ट्या आणि खरखर यांतून मुंबईचे मराठी निवेदन वर येई, क्षणभर ठळक होई, पुन्हा बुडे. आवाज जाऊ नये म्हणून संच खिडकीशी नेऊन थोडा तिरका ठेवला जाई, कारण आतली फेराइटची कांडी, म्हणजे संचाचा अँटेना, दिशा धरते. एफएमच्या पट्ट्यावर अशी शोधाशोध उरली नाही. तिथे काटा थांबतो तो फक्त शहरातल्याच केंद्रांवर, आणि दोन केंद्रांच्या मधल्या जागेत काहीच नसते.