बैलाचा पोळा आणि बैलाविना भात

पोळा श्रावणातल्या अमावस्येला आणि ऋषिपंचमी त्यानंतर पाचव्या दिवशी, हे कॅलेंडरवर सगळ्यांनाच दिसतं, पण या दोन दिवसांचं आपसात काही नातं आहे हे माझ्या लक्षात यायला बरीच वर्षं गेली. पोळ्याच्या आदल्या दिवशी बैलाचे खांदे हळद-तुपानं शेकायचे, "आज आवतण घ्या, उद्या जेवायला या" असं त्याला सांगायचं, दुसऱ्या दिवशी झूल-बाशिंग घालून पुरणपोळी चारायची, आणि मग पाचच दिवसांनी घरातल्या बायांनी असा उपास धरायचा की ज्यात बैलाच्या कष्टाचा एक दाणा पोटात जाऊ द्यायचा नाही. नांगरलेल्या जमिनीतलं काहीच चालत नाही.

आम्ही नागपूरला महाल भागात राहायचो आणि आजी भंडाऱ्याकडची, ती या दिवसासाठी देवधान आणायची. म्हणजे तलावाच्या काठाला कोणी न पेरता उगवतं ते धान, आदल्या हिवाळ्यात गोळा करून डब्यात जपून ठेवलेलं. शेजारच्या छत्तीसगडात हलषष्ठीच्या उपासाला असाच पसहर चावल खातात. लालसर दाणा, त्याला हे एवढं लांब कुसळ, आणि एका माणसाला पुरेल एवढाच भात. मी लहानपणी तिला विचारलं होतं की एवढंसंच का आणते, विळ्यानं कापून पोतंभर का नाही आणत? तर म्हणाली, "हे कापाचं नसते बाबू, हात लागला की झडते. टोपलं धरून झाडून घ्या लागते."

हे "झडते" आहे नं, माणसानं शेती कशी सुरू केली याचं अर्ध्याहून जास्त उत्तर त्या एका शब्दात आहे.

रानटी धानाचं, रानटी गव्हाचं, जवाचं सगळ्यांचं सारखंच असतं. दाणा पिकला की देठाजवळ पेशींचा एक पातळ थर तयार होतो, तो सुटतो आणि दाणा खाली पडतो. झाडाच्या दृष्टीनं हेच बरोबर आहे कारण दाणा मातीत गेला नाही तर पुढचं झाड येणार कुठून? त्यातही लोंबावरचे सगळे दाणे एकदम पिकत नाहीत, आज चार, उद्या दहा असं चालतं, आणि मातीत पडलेले सगळे एकाच पावसात उगवत पण नाहीत, काही पुढच्या वर्षासाठी झोपून राहतात, म्हणजे एखादं साल कोरडं गेलं तरी वंश टिकतो. आता आपल्या बांधीतलं धान बघा. पऱ्हे टाकले की सगळे सोबत उगवतात, सगळं सोबत पिकतं, आणि पिकल्यावर दाणा तसाच लोंबाला धरून बसतो, कोणीतरी येऊन कापेल, झोडपेल, मळेल याची वाट बघत. माणूस आला नाही तर ते बिचारं स्वतःला पेरू पण शकत नाही.

हा फरक केवढ्याशा बदलानं पडला हे २००६ मध्ये शास्त्रज्ञांनी शोधून काढलं. धानात एसएच४ नावाचा एक जीन आहे, त्यात डीएनएचं एकच अक्षर बदलतं आणि दाणा सुटण्याचा तो थर नीट तयारच होत नाही. झडणं थांबवण्यात दुसरेही जीन आहेत पण याचा वाटा फार मोठा. असे अपघाती बदल रानात नेहमीच होत राहतात, फक्त तिथं ते झाड मागं काही न ठेवता मरून जातं. माणूस तिथं आला तेव्हा त्या अपघाताला किंमत आली.

कशी, ते हिशेबानं बघू. समजा रानटी धानाची १०० झाडं आहेत आणि त्यातली २ न झडणारी. तुम्ही विळा घेऊन कापायला गेले, तर झडणाऱ्या ९८ झाडांचा समजा अर्धा दाणा हात लागताच खाली गेला, पण त्या २ झाडांचा सगळाच्या सगळा घरी आला. म्हणजे घरातल्या बियाण्यात न झडणाऱ्याचा वाटा शंभरात २ वरून जवळपास ४ झाला. पुढच्या वर्षी तेच बियाणं नवीन जागी पेरलं, परत कापलं, परत वाढला. यात कोणी निवड केली का, तर नाही, कोणाला असं वाटलं पण नसेल की आपण काही वेगळं करून राहिलो आहोत. डार्विननं याला नकळत होणारी निवड म्हटलं होतं. पण हाच माणूस माझ्या आजीसारखं टोपलं धरून झाडत बसला असता तर नेमकं उलटं झालं असतं, कारण टोपल्यात झडणारेच दाणे येतात, न झडणारे झाडावरच राहून जातात. म्हणजे माणसाच्या हातात टोपलं होतं की विळा, यावर भाताचं भविष्य ठरत होतं! मला ही गोष्ट पहिल्यांदा कळली तेव्हा कितीतरी दिवस डोक्यातून गेली नाही.

मग वाटेल की असं दुप्पट-दुप्पट होत गेलं तर पन्नास वर्षांत काम झालं असेल. तसं झालं नाही. चीनमध्ये यांगत्से नदीच्या मुखाकडं तिआनलुओशान नावाची जुनी वस्ती सापडली, तिथल्या चिखलात हजारो वर्षांपूर्वीच्या धानाचे देठ टिकून राहिले होते. दाणा आपोआप सुटला असेल तर देठाची खूण गुळगुळीत असते, आणि झोडपून तोडला असेल तर ती फाटल्यासारखी खडबडीत दिसते, तर अभ्यासकांनी सूक्ष्मदर्शकाखाली एकेक देठ बघून ते मोजले. ६९०० ते ६६०० वर्षांपूर्वीच्या त्या सुमारे ३०० वर्षांत न झडणाऱ्याचा वाटा २७ टक्क्यांवरून ३९ टक्क्यांवर गेला. फक्त एवढाच. बारा-पंधरा पिढ्यांनी शेतात कंबर मोडली असेल आणि त्यातल्या कोणालाही आपल्या आयुष्यात धान बदललेलं दिसलं नसेल. कारणंही समजण्यासारखी आहेत. दाणा झडायच्या आत म्हणून लोक हिरवंच कापत असतील, तेव्हा झडणारं आणि न झडणारं दोन्ही सारखंच घरी येतं, फरकच पडत नाही. शिवाय त्याच जागी पेरलं तर गेल्या वर्षी खाली पडलेलं पण उगवतं आणि सगळं परत मिसळतं, रानातून परागकण उडून येतात ते वेगळेच.

आपल्याकडं गंगेच्या खोऱ्यात लोक रानटी धान फार आधीपासून खात होते, लावतही असावेत, पण न झडण्याचा तो एका अक्षराचा बदल आपल्या भातात चीनकडच्या वाणाशी संकर होऊन आला असं डीएनएवरून दिसतं, आणि हे साधारण ४००० वर्षांपूर्वीचं. दोन्हीकडच्या भातात बदल तंतोतंत तोच आहे.

आता बैल. ताडोब्याला किंवा पेंचला गेलेले लोक गवा बघून म्हणतात की हाच गाई-बैलांचा पूर्वज, मला पण तसंच वाटायचं. तसं नाही. गव्याचं पाळीव रूप म्हणजे ईशान्येकडचा मिथुन, आपली वशिंडवाली गाय आली ती ऑरॉक नावाच्या रानटी गुरांच्या भारतीय शाखेतून, जी आता नामशेष आहे. युरोपातला ऑरॉक खांद्यापाशी सहा फुटांच्या जवळ जायचा आणि त्याची शेवटची मादी १६२७ मध्ये पोलंडमध्ये मेली. बलुचिस्तानातल्या मेहेरगढला साधारण ९००० वर्षांपूर्वीपासूनच्या थरांमध्ये गुरांची हाडं मिळतात आणि वर जावं तशी ती आकारानं लहान होत जातात, म्हणजे जनावर पाळीव होत चाललं याची ती खूण. युरोपची बिनवशिंडाची गाय पश्चिम आशियात वेगळ्यानं माणसाळली, त्यामुळे आपली गवळाऊ आणि तिकडची जर्सी या एका आईच्या लेकी नाहीत.

जनावर माणसाळताना काय होतं हे डोळ्यांसमोर बघायला मिळालं ते सायबेरियात. १९५९ मध्ये दिमित्री बेल्यायेव या रशियन शास्त्रज्ञानं नोव्होसिबिर्स्कजवळ चंदेरी कोल्ह्यांवर प्रयोग सुरू केला, दर पिढीत फक्त जे माणसाला कमी घाबरतात, कमी चावतात त्यांचीच पिल्लं पुढं वाढवायची, बाकी रंग-रूप काहीच बघायचं नाही. थोड्याच पिढ्यांत माणूस दिसला की शेपटी हलवणारी पिल्लं जन्मली, आणि काहींचे कान लोंबते, अंगावर पांढरे ठिपके, शेपटी वळलेली. हे कोल्हे मुळात कॅनडातल्या फार्मवरच्या वंशातले होते आणि यातल्या काही गोष्टी तिथंच आधीपासून असाव्यात असा आक्षेप नंतर आला, तो रास्त आहे, पण स्वभाव निवडून बदलतो हे तर त्यातून पक्कं झालंच. मेहेरगढच्या माणसानं पण वेगळं काय केलं असेल, जो गोऱ्हा शिंग उगारतो तो आधी कापला गेला आणि जो हात लावू देतो तो कळपात राहिला. सुरुवातीला गुरं मांसासाठीच होती. नांगर फार उशिरा आला, राजस्थानात कालीबंगनला नांगरलेल्या शेताच्या रेघा सापडल्यात त्या साधारण ४८०० वर्षांपूर्वीच्या, म्हणजे गाय गोठ्यात आल्यानंतर बैलाच्या मानेवर जू यायला हजारो वर्षं गेली. ऋषिपंचमीच्या त्या नियमात नांगराआधीच्या खाण्याची आठवण असावी असं मला मनापासून वाटतं.

आणि धानाची गोष्ट अजून चालूच आहे. झडणारं रानटी धान आजही बांधीत घुसतं, रोवणीच्या वेळी ते नेमकं धानासारखंच दिसतं त्यामुळे निंदणाऱ्या बाईला ओळखू येत नाही. जे वेगळं दिसलं ते दर वर्षी उपटलं गेलं आणि जे धानासारखं दिसलं ते वाचलं, म्हणजे इथंही निवड आपल्याच हातानं झाली. निकोलाय वाविलोव या शास्त्रज्ञानं तणांची ही नक्कल ओळखली होती, राय नावाचं धान्य तर गव्हातलं तण म्हणूनच शेतात आलं आणि नंतर स्वतःच पीक झालं असं त्यानं दाखवलं. छत्तीसगडात यावर उपाय म्हणून जांभळ्या पानांचं धान लावतात, मग हिरवं दिसेल ते सरळ उपटायचं. काही ठिकाणी तर हे तण रानातून आलेलंच नाही, आपलंच पाळीव धान परत झडायला शिकलं आहे, असं डीएनए सांगतो.

मागच्या दिवाळीत मामाच्या बांधीत उभा होतो, कापणी सुरू होती, आणि सगळ्या पिवळ्या लोंबांमध्ये एक कुसळाचं लालसर लोंब दिसलं. आजीसाठी घ्यावं म्हणून हात लावला तर निम्मे दाणे चिखलात.