उललेले गाल आणि बेदाण्याची शेड

पिंपळगाव बसवंतजवळ माझी मावशी राहते. मळ्यातच घर आणि घरामागे बेदाण्याची शेड. फेब्रुवारीच्या शेवटी तिच्याकडे गेले, तेव्हा शेडमध्ये डिपिंग चाललं होतं. दोन बायका क्रेटमधले द्राक्षाचे घड मोठ्या टबात बुडवत होत्या, काही मिनिटांनी उचलून निथळू देत होत्या आणि मग जाळीच्या रॅकवर पसरत होत्या. टबातल्या पाण्यात पोटॅशियम कार्बोनेट ही अल्कली आणि डिपिंग ऑइल. मावशी खांबाला टेकून उभी होती. उन्हाची तिरीप तिच्या चेहऱ्यावर आली, तेव्हा नीट दिसलं: दोन्ही गालांवर रुपयाएवढे लालसर, खरखरीत पट्टे, त्यांवर पांढरे पापुद्रे, नाकपुडीच्या कडेला पिवळट खपली, ओठाच्या कोपऱ्यात बारीक चीर.

"रोज रात्री शेंगदाण्याचं तेल चोपडते गं," ती म्हणाली. "तरी सकाळी साबणाने तोंड धुतलं की गाल ओढायला लागतात. माझी कातडीच मेली कोरडी."

ती हे सांगत होती आणि तिच्या दुखण्याचं अर्धं उत्तर समोरच्या टबात होतं.

द्राक्षाच्या मण्यावर पांढरट थर असतो. बाजारात पुष्कळांना ती फवारणीची भुकटी वाटते. फवारणी झालेली असते म्हणून द्राक्षं धुऊनच खावीत, पण तो पांढरटपणा मुळात द्राक्षाचं स्वतःचं मेण आहे. एक्स्पोर्टचा माल काढताना घड देठालाच धरतात, मण्यांना बोट लावू देत नाहीत, ते हे मेण पुसलं जाऊ नये म्हणून. मण्यातलं पाणी आत राखायचं काम ते करतं. म्हणून द्राक्ष नुसतं वाळत ठेवलं तर सुकायला कित्येक आठवडे लागतात. टबात बुडवून काढलेलं दोन-अडीच आठवड्यांत बेदाणा होतं. त्याला कापलेलं नसतं, भाजलेलं नसतं. त्या अल्कलीने आणि तेलाने मेणाच्या थराची घडी विस्कटते, बारीक वाटा मोकळ्या होतात आणि पाणी निघून जातं.

साबणाने तोंड धुताना आपण आपल्या गालांशी जवळपास हेच करतो.

त्वचेचा सगळ्यात बाहेरचा थर म्हणजे मेलेल्या, चपट्या पेशींची भिंत. पंधरा-वीस पेशी एकीवर एक, आणि सगळी मिळून जाडी कागदाहूनही कमी. अमेरिकन त्वचावैज्ञानिक पीटर इलायस यांनी तिला विटा आणि चुन्याच्या भिंतीची उपमा दिली, आणि ती आता जगभर रुजली आहे. पेशी म्हणजे विटा. विटांच्या दरजांमधला चुना म्हणजे स्निग्ध पदार्थ: साधारण निम्मे सेरामाइड, चौथा हिस्सा कोलेस्टेरॉल, बाकी बहुतेक मेदाम्लं. हा चुना थरावर थर असा नीट लागलेला असतो, म्हणून आतलं पाणी आत राहतं. तरीही घाम सोडून दिवसाकाठी तीन-चारशे मिलिलिटर पाणी कातडीतून नकळत उडून जातं. भिंत कुठे खिळखिळी झाली की तिथून जास्त जातं, आणि कोरडेपणा तिथे सुरू होतो.

विटांच्या आतही पाणी धरून ठेवणारा ऐवज असतो. अमिनो आम्लं, लॅक्टेट, थोडा युरिया. यातला बराचसा भाग फिलॅग्रिन नावाच्या प्रथिनाचे तुकडे होऊन तयार होतो. या प्रथिनाच्या जनुकात जन्मतःच दोष असेल तर कातडी आयुष्यभर कोरडी राहते आणि एक्झिमाची, म्हणजे खाजऱ्या, कोरड्या चट्ट्यांच्या त्वचारोगाची, शक्यता वाढते, हे २००६ मध्ये स्कॉटलंडमधल्या डंडीच्या संशोधकांनी दाखवलं. आई कोरडी, मुलगी कोरडी, असं काही घरांत दिसतं त्यामागे हे असू शकतं. मावशीच्या माहेरी मात्र कुणाचे गाल उलत नाहीत.

पापुद्र्यांची गोष्ट मला सगळ्यात सुंदर वाटते. आपल्याला वाटतं, कातडी कोरडी झाली म्हणून सुटायला लागली. प्रत्यक्षात ती नीट सुटत नाही म्हणून दिसते. जुन्या पेशी एकमेकींपासून अलग करण्याचं काम काही एन्झाइम करतात, आणि त्यांना त्यासाठी पाणी लागतं. ओलावा पुरेसा असला की पेशी एकेक करून, डोळ्यांना न दिसता गळून जातात. ओलावा घटला की एन्झाइम मंदावतात, पेशी गठ्ठ्याने चिकटून राहतात, आणि तो गठ्ठा कडेने उचकटला की पापुद्रा. म्हणून स्क्रबने किंवा खरखरीत कापडाने घासून काढलेले पापुद्रे चार दिवसांत परत येतात. घासताना भिंतीचे चांगले थरही जातात, ते वेगळंच.

आता तेल. १९५२ मध्ये अमेरिकेतल्या आयर्विन ब्लँक यांनी साधा प्रयोग केला. तळपायाच्या घट्ट्याचा वाळून कडक झालेला तुकडा घेतला आणि तेलात, चरबीत, पेट्रोलियम जेलीत ठेवून पाहिला. तो तसाच ठिसूळ राहिला. पाण्यात ठेवला तेव्हा लवचिक झाला. कातडी मऊ राहते ती तिच्यातल्या पाण्यामुळे. या बाहेरच्या थरात पाण्याचं प्रमाण दहा टक्क्यांच्या खाली गेलं की तो कडक होतो, उलतो. तेलाला काम आहे, पण ते पाण्यावर झाकण घालण्याचं. मावशी रात्री वाळलेल्या गालांवर तेल चोपडत होती. झाकण होतं, खाली राखायला पाणीच नव्हतं.

शिवाय कुठलं तेल, हेही पाहावं लागतं. डिपिंग ऑइलमधला मुख्य पदार्थ इथाइल ओलिएट, म्हणजे ओलिक आम्लाचाच भाऊबंद. ओलिक आम्ल कातडीच्या चुन्याची घडीही विस्कटतं, इतकं की औषध कातडीतून आत शिरावं म्हणून प्रयोगशाळेत ते मुद्दाम वापरतात. ऑलिव्ह तेलात ते भरपूर असतं, शेंगदाण्याच्या तेलातही बरंच. इंग्लंडमध्ये २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात मोठ्या माणसांच्या हातावर काही आठवडे ऑलिव्ह तेल लावलं, तेव्हा तिथली भिंत कमकुवत झाली. सूर्यफुलाच्या तेलाने तसं झालं नाही. त्यात लिनोलिक आम्ल जास्त असतं, आणि सेरामाइड घडवायला कातडीला तेच लागतं. चेहऱ्याला तेल लावायचंच असेल तर मी सूर्यफुलाचं किंवा खोबरेल सांगेन.

साबणाकडे वळते. निरोगी कातडी किंचित आम्लधर्मी असते, पीएच साधारण साडेचार ते साडेपाच (सातच्या खाली आम्ल, वर अल्कली). साबणाच्या वडीचा पीएच नऊ-दहा. साबण मळाबरोबर दरजांतला चुनाही सोडवून नेतो, आणि अल्कलीमुळे तो चुना नव्याने घडवणारे एन्झाइम काही काळ अडून बसतात. वडीवर टीएफएम (टोटल फॅटी मॅटर) ७६ टक्के असलं की साबण सौम्य, असा एक समज आहे. भारतीय मानकांत ७६ हा पहिल्या दर्जाचा आकडा आहे खरा, पण तो साबणातल्या मेदाचं प्रमाण सांगतो. अल्कलीपणा त्यानेही जात नाही. चेहऱ्यासाठी सिंडेट प्रकारची, म्हणजे साबणाऐवजी सौम्य डिटर्जंटची, वडी किंवा फेस न येणारं क्लिन्झर घ्यावं, किंवा सकाळी नुसत्या कोमट पाण्याने तोंड धुवावं. बोअरचं पाणी जड असेल तर साबणाचा चिकट साका कातडीवर राहतो आणि त्रास वाढतो. तरुण माणसाची उसवलेली भिंत बारा तासांत निम्मी-अधिक सावरते, पूर्ण सावरायला तीनेक दिवस जातात. उतारवयात याहून जास्त. शेडमधली धूळ म्हणून मावशी दिवसातून तीनदा साबण लावते. तिची भिंत सावरायला उसंतच मिळत नव्हती.

चेहरा मात्र तेलकट असतो ना, मग तोच का उलतो? तेलाच्या ग्रंथी कपाळावर आणि नाकावर दाट असतात, गालांवर कमी. चेहऱ्यावरच्या भिंतीत थरही कमी, म्हणून पाणी मुळातच जास्त उडतं. मावशीची पाळी थांबून चार वर्षं झाली आहेत, आणि त्या वयानंतर बायकांच्या कातडीचं तेल उतरतं.

वर नाशिकची हवा. निफाडचा पारा घसरला की कुंदेवाडीच्या गहू संशोधन केंद्रातला आकडा दुसऱ्या दिवशी पेपरात येतो आणि आपण म्हणतो, थंडीने गाल उलले. थंडी हे अर्धंच कारण. समजा पहाटे आठ अंश आहे आणि दव पडलंय, म्हणजे हवा वाफेने काठोकाठ भरलेली आहे. तरी त्या गार हवेच्या एका घनमीटरात मावते जेमतेम आठ ग्रॅम वाफ. दुपारी तीच हवा तापून अठ्ठावीस अंशांवर गेली की तिच्यात सत्तावीस ग्रॅम मावू शकते. आहे तेवढीच, आठ. म्हणजे आर्द्रता उरली तीस टक्के. ही तहानलेली हवा मिळेल तिथून पाणी ओढते: दोरीवरच्या कपड्यांतून, रॅकवरच्या द्राक्षांतून, गालांतून. आणि मार्चमध्ये पहाटेचा गारठा गेला तरी दुपार आणखी कोरडी होते. बेदाण्याला हा काळ सोन्यासारखा. थंडी संपली म्हणून लोक क्रीमची डबी कपाटात टाकतात, नेमकी तेव्हा.

"मग पाणी जास्त पिऊ का?" मावशीने विचारलं. तहान लागेल तेवढं पिणं गरजेचंच. पण अंगात पाणी कमी नसेल तर जादा दोन तांबे पिऊन गालांचा बाहेरचा थर भिजत नाही. गळकी टाकी वरून भरत राहण्यासारखं आहे ते. गळती आधी थांबवायची.

तिच्यासाठी मी जे ठरवलं ते असं. बंबातलं कडकडीत पाणी तोंडावर घ्यायचं नाही. टॉवेलने तोंड घासायचं नाही, टिपायचं. गाल अजून ओलसर आहेत तोवर, दोन-तीन मिनिटांच्या आत, क्रीम लावायचं. क्रीममध्ये तीन प्रकारचं काम करणारे पदार्थ हवेत: पाणी ओढून धरणारं ग्लिसरीन, दरजा भरणारी सेरामाइडसारखी स्निग्ध द्रव्यं, आणि वर झाकण. वासाचं नको, सुगंधाने उललेली कातडी चुरचुरते. महाग असण्याचीही गरज नाही. रात्री क्रीमवर पेट्रोलियम जेलीचा पातळ हात, म्हणजे दोन बोटांवर मुगाच्या डाळीएवढी घेऊन दाबत फिरवायची. रॉबर्ट चेसब्रो यांनी अमेरिकेतल्या तेलविहिरींवरच्या कामगारांना यंत्रावरचं मेण जखमांना लावताना पाहिलं आणि १८७२ मध्ये त्यापासून ही जेली करण्याचं पेटंट घेतलं. तेव्हापासून तिच्याइतकं घट्ट आणि स्वस्त झाकण क्वचितच निघालं असेल. गुलाबपाण्यातलं ग्लिसरीनही चांगलं, एक भाग ग्लिसरीनला तीन-चार भाग गुलाबपाणी. पण कोरड्या हवेत ते उघडं ठेवू नये, वर झाकण लागतंच. निखळ ग्लिसरीन तर नकोच, ते कातडीच्या आतलंच पाणी वर ओढतं.

उन्हात जाताना सनस्क्रीन लावायचं. लिंबू बंद, त्याचा पीएच दोनच्या आसपास. मुलतानी माती बंद, तिचा गुणच तेल शोषण्याचा. साय लावायची तर लावावी, पण नंतर डाळीच्या पिठाने खसखसून काढू नये. दिवाळीच्या पहाटे आपण आधी तेल लावतो आणि मग उटणं, हा क्रम मला फार शहाणा वाटतो. उटण्याला वरचं तेल मिळतं, कातडीचा चुना वाचतो. बाकी वर्षभर आपण तेलाला विसरतो आणि घासणं तेवढं लक्षात ठेवतो.

मावशीच्या सहा वर्षांच्या नातवाच्या गालांवर फिके, किंचित खरखरीत चट्टे होते. घरात कुणी म्हणे जंत, कुणी म्हणे कॅल्शियम कमी. मुलांमध्ये असे चट्टे बहुतेक वेळा सौम्य एक्झिमाचे असतात. कोरडेपणाने येतात, उन्हात आजूबाजूची कातडी रापली की जास्त उठून दिसतात, आणि क्रीम लावत राहिलं की काही महिन्यांत रंग भरून येतो. एक गोष्ट मात्र मी डोळे मिटायला लावून, कापसाची वात फिरवून पाहिली: त्याला स्पर्श कळत होता. फिका, कोरडा चट्टा बधिर असेल तर कुष्ठरोगाची तपासणी करून घ्यावी लागते. ती सरकारी दवाखान्यात फुकट होते आणि वेळेत औषध सुरू केलं तर रोग पूर्ण बरा होतो.

तीन आठवड्यांनी मावशीचा फोन आला. गाल निवळले होते, ओठाची चीर मिटली होती. "पण नाकाशेजारची खपली जात नाही बघ. भुवयांतही आलीय. दुकानदाराने एक ट्यूब दिलीय, लावू का?"

ट्यूबवरचं नाव वाचून दाखव म्हटलं. क्लोबेटासोल होतं, फार तीव्र स्टेरॉइड. चेहऱ्यावर असलं मलम चार दिवस जादू करतं आणि मग कातडी पातळ करतं, लाल करतं, बंद करायला गेलं की भडकतं. ती तशीच ठेव म्हटलं आणि तिला नाशिकला कॉलेज रोडवरच्या त्वचारोगतज्ज्ञांकडे घेऊन गेले. त्यांनी भिंगातून पाहिलं. नाकाशेजारचा तो कोरडेपणा नव्हताच, सेबोऱ्हिक डर्मटायटिस, म्हणजे तेलकट जागी खपल्या आणणारा त्वचेचा दाह, होता. त्यात मलासेझिया नावाच्या बुरशीचा हात असतो. ती सगळ्यांच्याच कातडीवर राहते आणि तेलावर जगते. मावशी इतके महिने रोज रात्री तिला जेवू घालत होती. थकवा, वाढलेलं वजन आणि कोरडेपणा एकत्र आहेत म्हणून डॉक्टरांनी थायरॉइडची तपासणीही लिहून दिली. ती नॉर्मल आली.

आता नाकाशेजारी दोन वेळा बुरशीविरोधी मलम आहे, गालांवर क्रीम आहे, आणि शेंगदाण्याच्या तेलाची बाटली स्वयंपाकघरात परत गेली आहे. डिपिंगला उभ्या राहणाऱ्या त्या दोघी बायकांसाठी मावशीने कोपरापर्यंतचे रबरी मोजे आणले आहेत. त्यांचे हात तिच्या गालांपेक्षा जास्त उलले होते.