अपिलाचे उपशमन (फौजदारी)

फौजदारी अपील प्रलंबित असताना आरोपी किंवा अपीलकर्ता मरण पावल्यास ते गुणदोषांवर निकाल न होता संपुष्टात येते, यास अपिलाचे उपशमन म्हणतात. कोर्टात ‘अपील अबेट झाले’ असेच बोलले जाते. ही तरतूद १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम ३९४ मध्ये होती व १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ती कलम ४३५ मध्ये आहे.

शासनाने शिक्षावाढीसाठी किंवा निर्दोष सुटकेविरुद्ध केलेले अपील आरोपीच्या मृत्यूने कायमचे संपते. दोषी ठरलेल्याचे स्वतःचे अपीलही त्याच्याबरोबर संपते; अपवाद द्रव्यदंडाच्या शिक्षेचा, कारण तुरुंगवास वारसांना भोगावा लागत नसला तरी दंडाची वसुली मयताच्या मिळकतीतून, मग ती देवगडची हापूसची बाग असो वा हर्णैची मच्छीमारी होडी, होऊ शकते. कारावास व दंड या दोन्ही शिक्षा एकत्र झालेल्या असतील तरी अपील उपशमित होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने हरनाम सिंग विरुद्ध हिमाचल प्रदेश राज्य (१९७५) या खटल्यात ठरवले आणि रमेशन विरुद्ध केरळ राज्य (२०२०) मध्ये त्याच भूमिकेचा पुनरुच्चार केला.

उपशमनाने मयत निर्दोष ठरत नाही. खालच्या कोर्टाचा दोषसिद्धीचा निकाल तसाच राहतो आणि नोकरीतून काढलेल्या कर्मचाऱ्याच्या घरच्यांना तर त्याचा थेट आर्थिक फटकाही बसू शकतो. म्हणून देहदंड किंवा कारावासाच्या शिक्षेविरुद्धचे अपील पुढे चालवण्याची परवानगी जवळच्या नातेवाइकाला मृत्यूपासून तीस दिवसांत मागता येते. आईवडील, पती किंवा पत्नी, मुले-नातवंडे, भाऊ व बहीण एवढेच या व्याख्येत बसतात. गावचे घर सांभाळणारा आणि आजवर कोर्टाच्या खेपा घातलेला पुतण्या बसत नाही, सूनही नाही.

कोकणात ही मुदत हातची जाणे सहज शक्य असते. ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी व सिंधुदुर्गातील उच्च न्यायालयीन अपिले कोल्हापूरच्या फिरत्या खंडपीठाकडे, तर रायगडची मुंबईत चालतात. अपील वर्षानुवर्षे पडून असते, मुले चाकरीनिमित्त मुंबईत असतात, तेराव्यापर्यंत कोणी कागदाला हात लावत नाही आणि वकिलांना पक्षकार गेल्याचे प्रकरण बोर्डावर, म्हणजे कोर्टाच्या त्या दिवसाच्या कामाच्या यादीत, आल्यावरच कळते. मग मृत्यूच्या दाखल्यासह पुरसीस (कोर्टाला माहिती देणारे लेखी निवेदन) दाखल होते व सरकारी वकील पोलीस ठाण्यामार्फत खात्री करून घेतात. मयताने दिलेले वकीलपत्र मृत्यूबरोबरच संपलेले असल्याने नातेवाइकाला नवे द्यावे लागते. मुदत उलटली असल्यास विलंबमाफीचा अर्जही जोडावा लागतो, आणि त्यात सुतकाबरोबरच अपील प्रलंबित असल्याचे केव्हा व कसे कळले हे तारखेनिशी लिहिणे इष्ट.

पुनरीक्षण अर्जास (रिव्हिजन, म्हणजे खालच्या कोर्टाचा आदेश वरच्या कोर्टाने तपासावा यासाठीचा अर्ज) हे कलम लागू नाही. तेथे आरोपीच्या मृत्यूनंतर प्रकरण पुढे चालवावे की नाही हे न्यायालयाच्या विवेकाधीन असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने १८९८ च्या जुन्या संहितेखालीच, प्रणवकुमार मित्र विरुद्ध पश्चिम बंगाल राज्य (१९५९) मध्ये, स्पष्ट केले होते.