पार्श्वभूमी : सांगलीच्या माइकवरून विनोदी स्किटपर्यंत

रेडिओचा निवेदक टीव्हीवर विनोदी भूमिकेत दिसू लागला की श्रेय आवाजाला दिलं जातं. सांगलीपुरतं बोलायचं तर त्यात आकाशवाणीच्या ‘महिन्याला सहा ड्यूट्या’ या नियमाचा वाटा मोठा आहे.

सांगलीतला 1843 चा पहिला मराठी नाट्यप्रयोग सगळ्यांना पाठ आहे. आकाशवाणीचं सांगली केंद्र 1963 चं. इथं स्वरचाचणी (आवाजाची परीक्षा) पास झालेला नैमित्तिक उद्घोषक, म्हणजे कायम नसलेला, लागेल तसा बोलावला जाणारा निवेदक, पॅनेलवर येतो खरा, पण त्याला महिन्याला जास्तीत जास्त सहा ड्यूट्या, म्हणजे वर्षाला 72. सलग काम दिलं की माणूस कायम करा म्हणणार, कोर्टात जाणार; त्यावरचा हा तोडगा. प्रशासनाला सोयीचा आणि निवेदकाला अर्धपोटी ठेवणारा. पुढं वर्षानुवर्षं माइक सांभाळणाऱ्यांना पुन्हा स्वरचाचणी द्यायला सांगितल्यावर देशभर वाद पेटला आणि प्रकरणं कोर्टात गेलीच. म्हणजे ज्यासाठी नियम केला तेच टळलं नाही.

मग उरलेल्या दिवसांत करायचं काय? गणेश मंडळांचे कार्यक्रम, संगीत रजनी, सत्कार समारंभ आणि हिवाळ्यात राज्य नाट्य स्पर्धा. साउंडवाला वायर जोडेपर्यंत दहा मिनिटं गर्दी धरून ठेवायची, तीही हातात कागद नसताना. हशा पिकवायची तालीम ती इथं झाली.

2005 च्या धोरणानंतर खासगी एफएम सांगलीतही आलं. बातम्यांना बंदी, त्यामुळं गाणी आणि गप्पा एवढंच हाती. तीस-चाळीस सेकंदांची लिंक, म्हणजे दोन गाण्यांमधलं बोलणं, शेवटच्या वाक्याला चिमटा, की लगेच गाणं. प्रमाण भाषेचा धाक सुटला आणि इकडची बोली माइकवर मोकळी झाली. पुढच्या दशकात स्किटच्या कार्यक्रमांना हीच बोली हवी होती. मात्र दर वाक्याला ‘लगा’ (बरोबरीच्याला मारायची हाक) चिकटवणारी संहिता इथला माणूस ऐकताक्षणी ओळखतो. थोरल्यांना कुणी लगा म्हणत नाही.

रेडिओची सवय स्किटमध्ये नडते ती मुख्यतः तीन ठिकाणी. स्टुडिओत दोन-तीन सेकंद शांतता म्हणजे चूक, म्हणून निवेदक हशावरच पुढचं वाक्य टाकतो आणि पंच, म्हणजे हशा आणणारं वाक्य, वाया जातो. हशा वर चढून उतरायला लागला की बोलायचं. पूर्ण विरेपर्यंत थांबलं तर प्रसंग पडतो. दुसरं, माइक तोंडापासून वीतभर असल्यानं आवाज खालच्या पट्टीत बसलेला असतो. कॉलर माइक तेवढा उचलतो, पण समोरच्या प्रेक्षकाला वाक्याचा शेवट पोचत नाही आणि हशा अर्धाच येतो. तिसरं म्हणजे नजर. कागदाची सवय असलेला माणूस सहकलाकाराचं वाक्य चालू असताना खाली बघतो आणि नेमका तेव्हाच त्याचा क्लोजअप लागलेला असतो. संकलनात तो शॉट जातो, त्याबरोबर प्रतिक्रियेचा विनोदही जातो.