विवस्त्र योगवर्ग : नाव नोंदवण्यापूर्वी वाचावे असे काही

अठरा वर्षे पूर्ण झालेल्या स्त्रियांसाठी आम्ही चालवत असलेल्या विवस्त्र योगवर्गाबद्दल गावात जे बोलले जाते, त्यातले बरेचसे ऐकीव असल्यामुळे येथे काय होते हे आम्हीच लिहून दिलेले बरे.

सुरुवात परकराच्या नाडीपासून करू. कमरेच्या ओटीत कापूस घेऊन दिवसभर वाकणाऱ्या बाईला नाडी सैल बांधून चालत नाही. त्यामुळे वेचणीचे वीसेक हंगाम झाले की कमरेवर काळा, जाडसर वळ उमटतो, आणि तो तिने स्वतः नीट पाहिलेलाही नसतो. २०२४ मध्ये वर्ध्याच्या व बिहारमधील मधुबनीच्या डॉक्टरांनी, नाडीच्या जागीच न भरणारी जखम होऊन पुढे त्वचेचा कर्करोग झालेल्या दोन स्त्रियांची माहिती एका ब्रिटिश वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध केली. असे क्वचितच घडते, त्यामुळे घाबरू नये. परंतु जे अंग पाहण्याचीच लाज वाटते, त्यावरची जखम डॉक्टरांना दाखवायला उशीरच होतो. आमच्याकडे कोणाचीही तपासणी होत नाही. अशी जखम आढळल्यास सरळ प्राथमिक आरोग्य केंद्रात जावे.

नाडी सोडून उताणे पडल्यावर श्वासागणिक पोट वर येताना दिसते, आणि पोटावरचे बाळंतपणाचे वण, सिझेरियनचे टाके, दंडावरची पोलक्याची गोरी-काळी रेघ हेही दिसते. सेतुबंधासन, सुप्त बद्धकोणासन आणि शेवटी पुरेसा वेळ शवासन, एवढाच आमचा क्रम आहे. वजन उतरवून देण्याचे आश्वासन आम्ही देत नाही.

हे परदेशी खूळ आहे, असे काही जणी म्हणतात. निसर्गवादी, म्हणजे एकत्र विवस्त्र राहण्याची, चळवळ युरोपात वाढली हे खरेच. तिच्या आंतरराष्ट्रीय महासंघाने १९७४ मध्ये केलेल्या व्याख्येत स्वतःविषयीचा, इतरांविषयीचा व पर्यावरणाविषयीचा आदर हाच हेतू सांगितला आहे. बाराव्या शतकातील कन्नड संतकवयित्री अक्कमहादेवींनी वस्त्रे त्यागून केसांनीच देह झाकला, असे परंपरा सांगते. पण ते वैराग्य होते, आणि आमचा तेवढा अधिकार नाही. आम्हाला जवळची वाटते ती बाळंतिणीची खोली, जिथे तेल लावणाऱ्या आजीपुढे कोणी अंग चोरत नाही.

वस्त्र उतरवण्याची सक्ती नाही. एक भगिनी तीन आठवडे पातळ नेसूनच येत होत्या. चौथ्या आठवड्यात त्यांनी फक्त पोलके काढले आणि आजही तेवढेच काढतात. सतरंज्या एकाच दिशेने मांडलेल्या असतात, त्यामुळे कोणी कोणाच्या समोर नसते. शिकवणारी स्त्रीच असते व ती हात न लावता केवळ बोलून सुधारणा सांगते.

पहिल्याच महिन्यात एका पिशवीतला मोबाइल वाजला आणि अख्खा वर्ग पंचे ओढून बसला; ती चूक आमची होती. तेव्हापासून सर्वांचे, आमचेसुद्धा, मोबाइल छपरीतल्या पत्र्याच्या पेटीत कुलुपात राहतात. अशा वेळी स्त्रीचे चोरून चित्रण करणाऱ्यास भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ नुसार पहिल्या गुन्ह्यासाठीही १ ते ३ वर्षांची कैद होऊ शकते.

पहिला दिवस विनाशुल्क असून तो सर्वांनी पूर्ण कपड्यांतच करायचा आहे. वयाच्या खात्रीसाठी आधार कार्ड पाहून लगेच परत दिले जाते, त्याची प्रत ठेवली जात नाही. येताना सतरंजी व दोन सुती पंचे आणावेत, एक अंथरायला आणि एक पांघरायला. वेचणीच्या दिवसांत वर्ग दिवेलागणीनंतर भरतो.